अस्वलाची रजा

कतारमधल्या अल वक्राच्या आमच्या कामगार कॅम्पात शुक्रवारी, सुट्टीच्या दुपारी मेसमधल्या टीव्हीवर जुनी संगीतमय कार्टून्स लागायची. त्यांत कुणी बोलत नसे, नुसती वाद्यं वाजत आणि प्राणी नाचत. मिशाळ वेल्डर आणि ड्रायव्हर ती भक्तिभावाने बघत. मी शिकलेला असल्यामुळे जरा मागे बसून बघे.

पुढची जागा साताऱ्याकडच्या एका क्रेन ऑपरेटरची. मांडीवर टेपरेकॉर्डर घेऊन हा गृहस्थ माइकमध्ये सगळं मोठ्याने सांगत सुटे. "आता मांजर पेटी वाजवतंय. आता बदक घसरलं." जणू आम्ही सगळे आंधळे आणि देवाने आमच्यासाठी हा एकच डोळस धाडलेला.

एकदा न राहवून मी विचारलं, "मामा, हे प्रवचन कुणासाठी?"

"पोरीसाठी. गावाकडं टीव्ही न्हाई, म्हणून कॅसेट भरून धाडतो. मला बघितलं न्हाई तिनं अजून, पर आवाज वळखती."

त्या दिवशीच्या कार्टूनमधलं ढोलवालं अस्वल शेवटी बोटीत बसून एकटंच दूर निघून गेलं. आमच्या निवेदकाने मात्र माइकमध्ये सांगितलं, "आन् अस्वल घरी आलं. खलास." आणि टेप बंद केला.

दुसऱ्याची चूक दाखवायची संधी मी कशाला सोडतोय? म्हटलं, "मामा, अस्वल घरी कुठे आलं? ते तर निघून गेलं."

कॅसेट काढून खिशात ठेवत तो म्हणाला, "येईल की, साहेब. त्याची रजा मंजूर व्हायचीय अजून."