लग्नसराईचे हप्ते

मास्तर बसल्याबसल्या झोपत. अकोल्याच्या दिवाणी कोर्टाच्या व्हरांड्यात, पाठ भिंतीला न टेकवता, दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवून ते गाढ झोपलेले असत. शिपायाने नाव पुकारले की डोळे उघडायच्या आधीच उभे राहत. वरातीत दोन गाण्यांच्या मधे डुलकी काढायची जन्माची सवय. जुन्या शहरात त्यांचा बँड होता, ते स्वतः ट्रम्पेट वाजवत आणि सगळे त्यांना मास्तरच म्हणत.

मी त्यांची वकील. वरातीपुढची दिव्यांची गाडी घ्यायला त्यांनी बँकेचे कर्ज काढले आणि पाठोपाठ टाळेबंदी आली. लग्ने घरातल्या घरात उरकू लागली. पुन्हा वराती निघू लागल्या तोवर लोकांना डीजेची चटक लागली होती. बँकेने दावा लावला. कर्जाच्या कागदांत कुठे फट सापडते का, ते मी बघत होते. मास्तर म्हणाले, "कावून शोधून राहिल्या वकीलबाई? पैसे घेतले मी. नाही कसं म्हणू?"

मग कर्ज कबूल करून हप्ते मागायचे ठरले. न्यायाधीशांनी विचारले, "दरमहा किती भराल?"

मी आकडा सांगणार तोच मास्तर बोलले, "साहेब, दर महिन्याले नाही जमत. तुळशीचं लगन लागलं का सुरू करतो, आषाढ लागला का थांबतो. पावसाळ्यात आमाले कोण बोलावते?"

बँकेचे वकील उसळून म्हणाले, "साहेब, वाद्यं विकली तर निम्मी रक्कम आजच वसूल होईल!"

"आन् बाकीची निम्मी कायनं भरू?" मास्तरांनी त्यांनाच विचारले, अगदी शांतपणे.

साहेब बराच वेळ कागद चाळत राहिले. शेवटी हुकूम झाला. लग्नसराईत मोठे हप्ते, पावसाळ्यात सूट. पण लागोपाठ दोन हप्ते चुकले तर सवलत रद्द, सगळी रक्कम एकदम.

हप्ता भरला असे मास्तर कधी म्हणत नसत. "वाजवला" म्हणत. "मार्चचा वाजवला, वकीलबाई," असा फोन यायचा. आवाज थकलेला, मागे गल्लीतला कालवा.

एका उन्हाळ्यात तो फोन आला नाही. ढोलवाल्याचा हात मोडला होता आणि हप्त्याचे पैसे मास्तरांनी त्याच्या दवाखान्यात घातले होते. मी चिडले. म्हटले, "आणखी एक चुकला तर सगळंच हातचं जाईल, मास्तर!"

ते म्हणाले, "त्याचा हात बरा नाही झाला तं पुढचे हप्ते कोण वाजवन?"

पुढच्या महिन्यात त्यांनी मिळेल ती सुपारी घेतली. सकाळी एका गावी, संध्याकाळी दुसऱ्या. मे महिन्याचे ऊन, अंगात तो जाड लाल कोट. डॉक्टरांनी फुंकायचे बंद करा म्हणून सांगितले होते, हे मला फार नंतर कळले. हप्ता वेळेवर आला.

शेवटचा हप्ता भरून झाला, कोर्टात पूर्ण फेडीची नोंद झाली, तेव्हा मी पेढे आणले होते. मास्तरांनी एक घेतला आणि बोटांनी कुस्करून तोंडात टाकला. पुढचे दात नव्हते.

"हा सीझन मी नाही वाजवला, वकीलबाई," ते म्हणाले. "दात गेले तं ट्रम्पेट धरता येत नाही. पोरं वाजवत होते. मी निस्ता कोट घालून पुढं चालत होतो."

बँड त्यांनी त्या वाजवणाऱ्यांनाच देऊन टाकला होता. वाद्ये, गाडी, सगळे. स्वतः मुलीकडे, चांदूर बाजारला निघाले होते. मी बसस्टँडपर्यंत सोडायला गेले. "येत जा मास्तर," म्हटले.

"आता कोर्टात कायले येऊ?" ते हसले आणि बसमध्ये चढले.

मी परत आले तर एक रसवंतीवाला माझी वाट पाहत बसला होता. त्याच्यावरही दावा झाला होता, हप्ते मागायचे होते. किती भराल, हे विचारण्याआधी मी त्याला विचारले, "तुमचा धंदा कोणत्या महिन्यांत चालतो?"