भाषण चालू असताना दिलेली मुलाखत

मोशीच्या मैदानावर सरकारी रोजगार मेळावा होता. आयटीआय झालेल्या माझ्यासारख्या मुलींसाठी रोजगार कार्यालयाने चाकणची एक कंपनी आणली होती. तेवढं काम त्यांनी चोख केलं होतं. पण भाषणाला प्रमुख पाहुणे आले आणि मुलाखती थांबल्या, कारण टाळ्यांना माणसं हवी होती. कंपनीचे साहेब घड्याळ बघत बॅग भरू लागले, तशी मी उठले.

"ताई, खाली बसा. पाहुणे बोलतायत," संयोजकांनी दटावलं.

"पाहुण्यांना काम आहे, दादा. मला नाही."

साहेब हसले. मंडपामागे जनरेटरशेजारी त्यांनी ओरडून प्रश्न विचारले, मी ओरडून उत्तरं दिली. "सोमवारपासून या," म्हणाले. आत पाहुणे सांगत होते, नोकऱ्या भरपूर आहेत, तरुणच पुढे येत नाहीत.