सुलटा भाऊ
धानाच्या ढिगावर टाकलेल्या ताडपत्रीचा उबट वास आला, की मला वडशाचा सिनेमाचा तंबू आठवतो. माझा भाऊ गावच्या नाटकात माझंच लुगडं नेसून नायिका व्हायचा. मग तो मुंबईला गेला, दोन सिनेमांत गर्दीत उभा राहिला आणि तिसऱ्यात नायकाचा मित्र होऊन चक्क बोलला. तो सिनेमा पाहायला आम्ही बैलबंडीनं गेलो. पुरुष पडद्यासमोर आणि बाया पडद्यामागे, अशी तेव्हाची रीत. पडद्यावर भाऊ जेवायला बसला, तो डाव्या हातानं! मी सोळा वर्षांची शहाणी, ओरडलेच, "बंबईनं बिघडवलं व माह्या भावाले!" शेजारीण हसली, "अवो, मांगून पाहून राह्यलो आपण, म्हणून उलटा दिसते." मग माझं डोकंच फिरलं. पदर खोचून मी थेट पुरुषांत गेले. सासरे कुजबुजले, "इथी काऊन आली व? लोकं पाहून राह्यले." म्हटलं, "पाहू द्या, मामाजी. भाऊ माहा हाये, मी सुलटाच पाहीन." ते गुमान सरकले. भाऊ अजून जेवतच होता, उजव्या हातानं. परवा नाटकाला नातसून म्हणाली, "आजी, पुढे गर्दी आहे, मागे बसा." मी पदर खोचला.