पुसून टाकलेली चाल

जव्हारच्या पठारावर चैत्रातल्या दुपारी एखादा चुकार ढग येतो आणि पाऊस न देता नुसती सावली ओढत सूर्यमाळकडे निघून जातो. आजही तसाच एक आला. अंगणात वाळत घातलेली मोहाची फुलं क्षणभर काळवंडली आणि मला तो म्हातारा आठवला. झेक देशातला, सिनेमाचा छायाचित्रकार. असल्या एका ढगासाठी तो तासन्‌तास दगडावर बसून राहायचा. मी शाळेत इंग्रजीचा मास्तर, म्हणून त्याचा दुभाष्या झालो होतो.

संध्याकाळी विश्रामगृहाच्या पायरीवर तो आपलं आयुष्य सांगायचा, तेही दुसऱ्या कुणाचं असावं तसं. बाप रेल्वेत कारकून. हा प्रागला जाऊन कॅमेरा शिकला. पंचविशीत जीव ओतून एक चित्रपट टिपला, तेवढ्यात परक्या फौजांचे रणगाडे शहरात शिरले, नवे साहेब आले आणि चित्रपट कपाटात बंद झाला. पुढची वीस वर्षं त्याने ट्रॅक्टरच्या आणि दूधभुकटीच्या जाहिराती टिपल्या. कुरकुर केली नाही म्हणे. मला काही ते खरं वाटलं नाही. राजवट कोसळली, कपाट उघडलं, तोवर चित्रपटातली नायिका मातीआड गेली होती. "पण पडद्यावर ती धावत होती," तो म्हणाला आणि बराच वेळ चष्मा पुसत राहिला. उतारवयात तो पाणी वाहणाऱ्या बायका टिपत देशोदेशी हिंडत होता. तसाच आमच्याकडे, मोखाड्यातल्या सूर्यमाळला आला.

सूर्यमाळच्या एका पाड्यावरची विहीर उन्हाळ्यात वाटी-वाटीने पाझरते. तिथे रांगेत बायका नव्हे, हंडे उभे असतात. हंडा एकदा भरला की त्या घराचा त्या दिवसाचा वाटा संपला. हे मला ठाऊक होतं, त्याला नव्हतं. त्याने पन्नाशीची, ताठ मानेची एक बाई निवडली. ती भरला हंडा डोक्यावर घेऊन चालू लागली आणि नेमकं ऊन बदललं. "पुन्हा," तो म्हणाला. त्याला पाणी भरण्यापासून सगळं हवं होतं. मी जसंच्या तसं भाषांतर करून मोकळा झालो. मास्तरकीची सवय, वाक्य उलटवायचं, अर्थाचं ज्याचं त्याने बघावं.

"परत ओतू?" तिने विचारलं. मग स्वतःच म्हणाली, "पावना सांगतो तं ओतते." तिने पाणी विहिरीत ओतलं. दोनदा. दुसऱ्या खेपेला तळ ढवळून गाळ वर आला आणि मागच्या बायका खवळल्या. "तुझा नंबर झाला बाय, आता नाय!" ती रिकामाच हंडा डोक्यावर ठेवून निघाली. तेवढ्यात ढग आला आणि याने ती चाल टिपली.

संध्याकाळी कॅमेऱ्याच्या चिमुकल्या पडद्यावर त्याने मला ती दाखवली. पन्नास वर्षांत अशी चाल मिळाली नाही, म्हणाला. माझं डोकंच फिरलं. खरं तर राग माझा माझ्यावरच होता, पण वड्याचं तेल वांग्यावर. मी म्हटलं, हंडा रिकामा आहे, तिच्या घरी आज पाणी नाही, लाज असेल तर पुसून टाक. तो पांढराफटक पडला. "नक्की?" त्याने एकदाच विचारलं. मी मान डोलावली आणि त्याने बटण दाबलं. मला तेव्हा आपण मोठे न्यायी आहोत असं वाटलं.

पुढे तो आपल्या गावी वारला. ती बाईही गेल्या पावसाळ्यात गेली. परवा तिची मुलगी घरी आली होती. इथेच जव्हारला कचेरीत कारकून आहे. "सर, आयचा फोटो म्हणजे आधार कार्डावरचाच. त्यात ती आय वाटतच नाय. त्या गोऱ्या बाबाने तिला चालताना घेतलं व्हतं ना? माझ्या पोरीला दाखवायचंय."

थाप मारणं सोपं होतं. पण मी सांगून टाकलं: पुसलं गेलं, आणि माझ्याच सांगण्यावरून. ती पदराचं टोक बोटाला गुंडाळत राहिली.

"मंग तुमी तरी सांगा सर, कशी चालायची. तुमी पाहलंय ना."

कुलपातलं कधीतरी बाहेर येतं, पुसलेलं येत नाही. हे त्या म्हाताऱ्याइतकं कुणाला माहीत असणार? तरी त्याने माझं ऐकलं, हे आता जिवाला लागतं. मी डोळे मिटून आठवू लागलो. हंड्यावरचा पोचा आठवला, माझा संताप आठवला, माझे शब्द तर तोंडपाठ आहेत. ती मात्र काही केल्या चालेना. तिला पाहिलं होतं ते त्या म्हाताऱ्याने. मी त्या पडद्यावर फक्त माझी चूक पाहत होतो.