पार्किंग लॉटमधली पन्हळ

अमेरिकेतल्या आमच्या चँडलरमध्ये गुरुनाथ हुदलीकरला ओळखत नाही असा मराठी माणूस भेटला, तर तो गेल्या आठवड्यात विमानातून उतरलेला असणार. गुरुनाथची बायको उत्तरा वर्षातला बराचसा काळ देशाच्या दुसऱ्या टोकाला, हर्नडनला मुलाकडे असते. ती तिकडे नातवंडं सांभाळते आणि हा इकडे पडकी देवळं सांभाळतो, असं आमच्यात म्हणतात. कोण म्हणतं ते विचारू नये. भांडण वगैरे काही नाही त्यांचं. रोज फोन होतो, त्यात ती बोलते आणि हा जांभई देतो.

गुरुनाथचा चेहराच तसा आहे, जेवण झाल्यावरच्या दुपारसारखा. त्याच्या लग्नाचा फोटो मी पाहिलाय. त्यातही तो मिरजेहून उभ्याने प्रवास करून थेट बोहल्यावर चढल्यासारखा दिसतो.

अमेरिकेत येऊन त्याने केलं काय, तर चिप बनवणाऱ्या कारखान्यात, जिथे धुळीचा एक कण चालत नाही अशा खोलीत, डोक्यापासून पायापर्यंत पांढरा डगला चढवून उमेदीची सगळी वर्षं काढली. मग एका सकाळी मीटिंगला बोलावून त्याच्या गळ्यातला बिल्ला काढून घेतला. दुसरा कोणी असता तर चिडला असता, नवी नोकरी शोधली असती. हा घरी येऊन झोपला. महिनाभर झोपूनच होता म्हणा ना. त्यानंतर भाच्याच्या लग्नाला सिंगापूरला गेला आणि तिथून कोणीतरी ढकलल्यासारखा कंबोडियात पोचला. अंगकोरची गर्दी बघून त्याला आणखीच थकवा आला. बाहेर सोफाल नावाचा एक व्हॅनवाला उभा होता. त्याला हा म्हणाला, "जिथे कोणी जात नाही अशा देवळात ने. मला बसायचंय."

सोफालने त्याला आडरानातल्या कोह केरला नेलं. हजार-अकराशे वर्षांची पडकी देवळं, झाडांनी आवळलेल्या भिंती आणि माणूस औषधालाही नाही. गुरुनाथ तिथे संध्याकाळपर्यंत बसला. परत आल्यावर मला म्हणाला, "इतकी धूळ आहे तिथे, जीव निवला."

तेव्हापासून दर जानेवारीत तो इथली आठ माणसं घेऊन जायचा. आठच, कारण सोफालच्या व्हॅनमध्ये तेवढीच मावतात. लोक पुढेमागे व्हिएतनाम, थायलंड काय हवं ते करोत, गुरुनाथचा दिवस एकच. पहाटे निघायचं, बेंग मिलियाचं देऊळ बघायचं, मग कोह केर, आणि अंधार पडायच्या आत परत. ख्मेर भाषेत देवळाला प्रासात म्हणतात. आमच्या एक काकू पहिल्या वर्षी तिसऱ्या देवळापर्यंत तळहात पुढे करून हिंडत होत्या, की हे लोक प्रासात प्रासात म्हणतायत पण देत का नाहीत. नाव सांगत नाही, त्या हे वाचतात.

तर सगळं सुरळीत चाललं होतं, आणि मागच्या खेपेचा एक फोटो व्हॉट्सॲपवर आला. हसरी मंडळी, मागे शेवाळलेली भिंत, आणि कडेला एका हातगाडीत, ज्यातून तिथले कामगार दगड वाहतात त्या हातगाडीत, आपले गाइड गुरुनाथराव पाय बाहेर सोडून बसलेले. मंडळींना वाटलं गंमत. केयाला तसं वाटलं नाही.

केया म्हणजे गुरुनाथची धाकटी मुलगी. इथेच जन्मलेली, इथेच वाढलेली, आणि पेशाने फिजिओथेरपिस्ट. लोकांच्या कंबरा आणि गुडघे चालते करायचे हे तिचं काम, आणि बापाने कण्यात दबलेली नस तिच्यापासूनच लपवलेली. थोडं चाललं की त्याचे पाय बधिर व्हायचे, बसलं की बरं वाटायचं. म्हणून हा गाइड जिथे तिथे दगडावर बसून माहिती सांगायचा आणि लोकांना वाटायचं, काय तल्लीन होतो हा माणूस.

ती आली तेव्हा मी तिथेच होतो. मी बहुतेक ठिकाणी तिथेच असतो.

"बाबा, यू वेअर इन अ व्हीलबरो."

"दगडसुद्धा त्यातूनच नेतात," गुरुनाथ म्हणाला.

"दॅट्स नॉट फनी. तिथे हॉस्पिटल किती लांब आहे?"

गुरुनाथने माझ्याकडे पाहिलं. मी चहाकडे पाहिलं.

शेवटी तडजोड झाली ती अशी. तिथे दिवसभरात जेवढं चालायचं, तेवढं त्याने इथे केयासमोर चालून दाखवायचं. मध्ये बसायचं नाही. बसला तर या जानेवारीतच काय, कुठल्याच जानेवारीत जायचं नाही. गुरुनाथने मान हलवली. बाहेर पडताना मी त्याला म्हटलं, "अरे, एवढ्यासाठी कशाला मान्य केलंस? काहीतरी सांगून उडवायचं होतंस."

"वर्षात एकच दिवस असतो रे माझा," तो म्हणाला. "बाकीचे नुसते येतात."

रविवारी सकाळी शाळेच्या मोकळ्या पार्किंग लॉटमध्ये ही रंगीत तालीम ठरली. गुरुनाथ आमच्या आधी येऊन, मुलांचे जाडे खडू घेऊन डांबरावर देवळं आखून बसला होता. बसला होता म्हणजे वाकला होता. केया आलेली, म्हणजे बसायची बंदी लागू. तीन प्रासात, त्यांचे ओटे, दारं, तटाच्या भिंती, सगळं मापात. जिथे शिवलिंग तिथे रस्त्यावर ठेवतात तो नारिंगी कोन. मी घरून माझी घडीची खुर्ची नेली होती. केयाने खुर्चीकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"माझी आहे," मी म्हटलं. "मी कंबोडियाला जात नाहीये."

जाणाऱ्यांपैकी वसुधाताई सगळ्यांत आधी हजर. साताऱ्याच्या, बँकेतून निवृत्त, आता मुलाकडे राहतात. त्यांनी कॅनव्हासचे नवे बूट घातले होते आणि पर्समध्ये राजगिऱ्याचे लाडू होते. बाकी तीन जोडपी, त्यांची भांडणं रस्त्यातच सुरू झालेली. आणि संग्राम. हा नागपूरचा, सॉफ्टवेअरमधला, वर्क व्हिसावर.

"तू पण चाललास?" मी विचारलं.

"नाही काका. माझा पासपोर्टवरचा व्हिसा स्टँप एक्स्पायर झालाय. बाहेर गेलो आणि अपॉइंटमेंट नाही मिळाली तर अडकलोच. माझा एक कलीग नागपूरला बहिणीच्या लग्नाला गेला, तो अजून तिकडेच आहे यार." त्याने खडूच्या रेघांकडे पाहिलं. "म्हणून म्हटलं, आपण इथेच बघून घेऊ."

गुरुनाथ सुरू झाला. एरवी या माणसाच्या तोंडून शब्द ओढून काढावे लागतात. पण डांबरावरच्या त्या रेघांमध्ये उभा राहिला आणि कुठला दगड कुठून आला, हत्तींनी कसा ओढला, छप्पर पडल्यावर आत उगवलेल्या झाडाने भिंतीला कसं धरून ठेवलंय, हे त्याच्या त्याच दमलेल्या आवाजात सांगायला लागला. वसुधाताईंनी एका दारात वाकून प्रवेश केला, कारण गुरुनाथ म्हणाला होता, दार बुटकं आहे. त्यांच्यामागून सहा फुटी संग्रामही वाकला. शेजारून कुत्रं फिरवणारी एक बाई थांबून आमच्याकडे बघत राहिली.

पहिला प्रासात झाला. दुसराही झाला. गुरुनाथचं बोलणं तेच होतं, पण पाऊल उचललं जात नव्हतं, सरकत होतं. केया एका खांबाला टेकून ते बघत होती. मधूनच तिने फोन खिशात टाकला.

तिसरा शंकराचा. गुरुनाथ म्हणाला, "आत मोठं लिंग आहे. त्याच्यावर घातलेलं पाणी उत्तरेच्या भिंतीतून या दगडी पन्हळीने बाहेर पडायचं." आणि खरंच, कोनापासून निघून तटापर्यंत गेलेली पन्हळ त्याने निळ्या खडूने काढली होती. तिचं तोंडसुद्धा काढलं होतं. "आपण आता याला एक फेरी घालू की दिवस संपला. व्हॅन समोरच आहे."

समोर केयाची गाडी होती. एक फेरी, आणि जानेवारी त्याचा. मंडळी निघाली. तीन बाजू झाल्या. पन्हळीपाशी वसुधाताई थांबल्या. त्या थांबल्या म्हणून मागचे सगळे थांबले.

"काय झालं?" गुरुनाथने विचारलं. तो शेवटी होता.

"पन्हळ आली," वसुधाताई म्हणाल्या. "शंकराची पन्हळ ओलांडत नाहीत. इथून मागे फिरायचं, आलो तसं जायचं, आणि पलीकडून पन्हळीपर्यंत यायचं."

"वसुधाताई, खडू आहे तो."

"खडूच होता हो. तुम्ही सांगितलंत म्हणून पन्हळ झाली."

एका नवऱ्याने आपण शास्त्रज्ञ असल्याचं जाहीर केलं आणि ओलांडायला पाय उचलला. त्याच्या बायकोने त्याचा शर्ट मागून धरला. संग्रामने तोंड फिरवलं आणि परत चालायला लागला. बघता बघता सगळी वरात उलटी वळली. आपल्याच लोकांना जमेल अशी ही गोष्ट. अमेरिकन माणूस गाडीतून उतरला असता तर त्याला वाटलं असतं, या लोकांना इथून पुढे पोलिसांनी बंदी केलीय.

पन्हळीपाशी एकटा गुरुनाथ उरला. पलीकडे दहा-बारा पावलांवर गाडी. आता तो काही देवभोळा माणूस नव्हे. श्रावणात त्याने माझ्या घरी काय काय खाल्लंय ते मी सांगणार नाही. एक पाऊल टाकायचं होतं. वसुधाताईंनी पाठ फिरवली होती, बघणारं कोणी नव्हतं. केया होती, पण तिला पन्हळीशी कर्तव्य नव्हतं, तिला बाप चालून यायला हवा होता. मी खुर्चीतून हाताने खूण केली, ये, ये.

त्याने पाय उचलला. मग होता तिथेच ठेवला, आणि वळला.

ती पूर्ण बाजू तो चालला. पुढची अर्धी चालला. मग गाड्यांची चाकं अडवायला सिमेंटचे ठोकळे असतात ना, त्यातल्या एकावर हात टेकवून हळूच बसला. काही नाट्य नाही. बसस्टॉपवर बसतात तसा बसला.

केया लगेच गेली नाही. थोड्या वेळाने गेली आणि शेजारच्या ठोकळ्यावर बसली. मी खुर्ची उचलून जरा जवळ नेली. ऊन फिरलं होतं.

"इट वॉज वन स्टेप, बाबा."

"हो."

"मी काही बोलले नसते. यू नो दॅट."

"माहीत आहे." तो मांड्या चोळत होता. "पण तिथे असतो तर मी ओलांडली नसती. त्या पन्हळीपाशी उभा राहून मी दर वर्षी लोकांना सांगतो, इथून परत फिरा. आता ती खडूची आहे म्हणून सोडून द्यायची, तर मग माझं हे चालणंही खडूचंच झालं. त्याच्यावर तू मला कशी पाठवणार?"

केयाला मराठी सगळं कळतं, फक्त बोलताना ती कंटाळते. मग तिने त्याच्या पायाशी वाकून बुटाची नाडी सैल केली.

"आय वॉज होपिंग यू'ड मेक इट," ती म्हणाली. "आय रिअली वॉज."

"सोफालला मी कळवतो," गुरुनाथ म्हणाला. "तू नको."

तेवढ्यात वरात पलीकडून फिरून पन्हळीच्या दुसऱ्या अंगाला पोचली. वसुधाताईंनी तिथे उभ्याने नमस्कार केला आणि मग लाडू वाटले. लाडू घ्यायला गुरुनाथ उठला नाही, तेव्हा सगळ्यांना कळलं. संग्राम त्याचा लाडू घेऊन आला आणि येताना पन्हळीला वळसा घालून आला.

जानेवारीत मंडळी गेली. सोफालने नेलं. गुरुनाथने त्याला फोनवर समजावलं होतं, याने आपल्या मोडक्या इंग्रजीत, त्याने त्याच्या मोडक्या इंग्रजीत, आणि दोघं एकमेकांना फार चांगले कळतात. मंडळी कोह केरला जायची होती, त्या संध्याकाळी मी आणि संग्राम गुरुनाथकडे जेवायला होतो. म्हणजे बोलावलं नव्हतं, पण त्याला एकटा कसा ठेवायचा. त्याने वरणभात लावला होता. तिकडे सकाळ झालेली, आणि सोफालने यंदा उलट्या क्रमाने, शंकरापासून सुरुवात केली होती. आम्ही पानावर बसलो आणि व्हिडिओ कॉल आला. वसुधाताई.

चित्र हलत होतं. झाडं, दगड, कोणाचा तरी कोपर, परत दगड. मग त्यांचा चेहरा, घामाने डबडबलेला.

"गुरुनाथराव, आम्ही शंकरापाशी आलोय. पण इथे पन्हळ तुटलीये. निम्मी आहे, पुढचा तुकडा खाली पडलाय, मातीत. मग ओलांडलेली चालते का?"

संग्रामने घास हातात धरून गुरुनाथकडे पाहिलं. मीही पाहिलं. फोनमध्ये दगडांवर तिरकं ऊन पडलं होतं. गुरुनाथ ते बघत होता. वसुधाताईंकडे त्याचं लक्ष नव्हतं. मागच्या वर्षी ती पन्हळ धड होती की तुटकी, हे त्याला नक्की माहीत असणार.

"ऐकू येतंय का? सगळे थांबलेत माझ्यामागे."

"येतंय."

"मग काय करू?"

"वसुधाताई," गुरुनाथ म्हणाला, "तिथे तुम्ही आहात. तुम्हीच ठरवा. माझा भात निवतोय."

त्याने फोन ठेवला आणि भातावर तूप घेतलं. संग्राम काहीतरी विचारणार होता, त्याला मी पायाने ढोसलं. गुरुनाथ जेवला, पुन्हा भात घेतला, आणि पानावर बसल्या बसल्याच त्याचे डोळे मिटायला लागले.

वसुधाताईंनी त्या दिवशी पन्हळ ओलांडली की त्या मागे फिरल्या, हे त्याने त्यांना अजून विचारलेलं नाही. मी विचारलं, दोनदा. त्या विषय बदलतात.