मालकाच्या डोक्यावरच्या चपला

माझे फार्स फार बोचतात, अशी तक्रार वर्ध्याच्या सभ्य लोकांनी जन्मभर केली. बोचावेत म्हणूनच मी ते लिहिले. पहिला तर निव्वळ सूड म्हणून लिहिला, आणि हे सांगायला मला लाज वाटत नाही.

आमचं गाव पवनारच्या पलीकडे, धाम नदीच्या काठाला. गावाचा सारा वसूल करणाऱ्या मालगुजाराला सगळे 'मालक' म्हणत. त्याच्या दारावरून जाताना चपला काढून हातात घ्यायच्या, असा रिवाज होता. मी सात वर्षांचा असताना माझा बाप बाजारातून नव्या चपला घालून आला आणि कौतुकात काढायला विसरला. ओसरीवरून मालक ओरडला, "लय मोठा झाला का रे? घे डोक्यावर अन् चाल मारुतीपर्यंत!" बाप चालला. मागून मी. सारं गाव हसलं, आणि शेवटी शेवटी बापही कसंनुसं हसला. त्याला मारलं असतं तर मी विसरलो असतो. ते हसणं विसरलो नाही. तेच हसणं, तेवढंच मोठं, बापाच्या डोळ्यांदेखत मालकावर उलटवायचं, हे मी तेव्हाच ठरवलं.

पुढे कायद्याने मालगुजारी गेली. सुंभ जळला तरी पीळ काही गेला नव्हता, पण मालकाला आता कोणी रामराम घालेना, आणि मिरवायची हौस तर दांडगी. मी तोवर गावात गमती, म्हणजे हसवणारे छोटे खेळ, लिहून बसवायला लागलो होतो. दिवाळीनंतरच्या जत्रेसाठी एक फार्स लिहिला. एक राजा जुगारात राज्य हरतो आणि आपल्याच नोकराच्या दारी डोक्यावर चपला घेऊन काम मागायला येतो. मालकाला विचारलं, "राजाचं काम करता का?" गडी लोण्यासारखा विरघळला. आमच्याकडे नटाला फक्त त्याच्या वाक्यांची नक्कल देत. मी त्याला आधी मुकुटाची पानं दिली. चपलांचं पान दिलं ते मालक राजा होणार अशी गावोगाव दवंडी पिटून झाल्यावर.

पान वाचून तो थबकला. "हे काऊन?"

"त्याच्यातच तं खरी कला हाये, मालक."

मग मी त्याला तालमीत चालवला. रोज, वीस-वीस वेळा.

"पुन्हा एक डाव, मालक."

"आता काय चुकलं?"

"मान ताठ राहून राह्यली तुमची."

तो घामाघूम व्हायचा, मी बिडी ओढत बघायचो. पुढे मला टाळ्या पुष्कळ मिळाल्या, पण असं सुख एकीनेही दिलं नाही.

खेळ भर दुपारी होता. बापाला मी अगदी पुढे बसवलं. मालक डोक्यावर चपला धरून, मान खाली घालून आला आणि मैदान फुटलं. बाया पदरात तोंड घालून हसत होत्या. म्हातारे खोकत हसत होते. हुबेहूब तेच हसणं! मी विजयाने बापाकडे पाहिलं.

बाप उभा होता. एवढ्या माणसांत एकटा. बाजूला काढून ठेवलेल्या चपला त्याने हातात घेतल्या होत्या.

मालकाचंही लक्ष गेलं. त्याने वाक्य अर्ध्यात टाकलं, मान वर केली आणि आपल्या जुन्या आवाजात म्हणाला, "बस रे, बस."

बाप बसला. लोक पुन्हा हसले, आधीपेक्षा जोरात.

घरी जाताना मी चिडून विचारलं, "काऊन उठला तू, बा?"

"मालक आले नं," तो म्हणाला.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी नवा फार्स लिहायला घेतला. त्यात मालक नव्हता. त्यात माझ्या बापाला तेव्हाही आणि आताही हसलेले सगळे होते, एकूण एक. तेव्हापासून मी त्यांच्यावरच लिहीत आलो. ते तिकीट काढून येतात आणि हसतात.