एकाचे चार स्क्रीनशॉट

बाबांच्या फोनमधली जागा संपली होती. मी पाठवलेला एकही फोटो त्यांच्याकडे उघडेना. फोनवर सांगून सांगून घसा बसला, तेव्हा एका रविवारी सकाळची एसटी धरून मी अकोल्याहून अमरावतीला गेले. अर्ध्या तासाचं काम, जेवून दुपारी परत, असा हिशेब होता.

फोन उघडला आणि कपाळाला हात लावला. आत नुसते स्क्रीनशॉट. बाबा पाटबंधारे खात्यात कारकून होते. निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली, पण प्रत्येक कागदाची एक नक्कल आपल्यापाशी हवी, ही सवय काही सुटली नाही. वीजबिल भरलं, काढला स्क्रीनशॉट. गॅस नोंदवला, काढला. उन्हाळ्यातलं रोजचं तापमान, एसटीचं वेळापत्रक, कुणाच्या तरी लग्नाची पत्रिका. आणि प्रत्येकाचे चार-चार.

"बाबा, एकाच बिलाचे चार कशाला?"

"निघाला का नाई ते समजत नाई मले. म्हणून दाबत रायतो."

"टक् असा आवाज येतो ना!"

"आवाज बंद हाय."

आवाज बंद का, तर स्क्रीनशॉट काढताना आवाज कमी करायचं बटण आणि बाजूचं बटण एकदम दाबायचं असतं. बाबांचं एक बोट नेहमी आधी पडे. मग कधी आवाज कमी व्हायचा, कधी फोनच बंद व्हायचा. त्यावर उपाय म्हणून मागच्या खेपेला मीच त्यांना तीन बोटं पडद्यावरून खाली ओढायला शिकवलं होतं. त्याचा परिणाम असा झाला की नुसता फोन पुसला तरी स्क्रीनशॉट निघू लागले. कोऱ्या पडद्याचेच वीसेक सापडले.

मी स्क्रीनशॉट भराभर पुसायला घेतले, तर बाबा खुर्ची ओढून शेजारी येऊन बसले.

"थांब. हे कायचं हाय?"

"दोन वर्षांपूर्वीचं तापमान."

"राहू दे. किती तपलं होतं तवा!"

"बाबा, त्याचं आता काय करायचं?"

"तू कावून चिडून राहिली? इचारलं फक्त."

स्वयंपाकघरातून आई म्हणाली, "त्यायच्या नादी लागू नको माय. पातोडीचा रस्सा थंडा होऊन राहिला."

रस्सा थंड झालाच. लग्नाची एक पत्रिका पुसायला बाबांनी इतका वेळ लावला की मला रडू यायचं बाकी होतं. लग्न कधीच होऊन गेलं होतं, नवरा-नवरी आमच्या नात्यातलीही नव्हती. दुपारची एसटी गेली. जेवण झाल्यावर बाबा पलंगावर कलंडले, तेव्हा म्हटलं, आता उरकून टाकू.

खाली खाली जाता जाता एकाएकी मीच समोर आले. व्हिडिओ कॉलमधली मी. तोंड उघडं, भुवया ताणलेल्या, एक बोट वर. पुढच्यात डोळे मिटलेले, हात कपाळाला. त्याच्या पुढच्यात कुणावर तरी खेकसत असल्यासारखी. अशी मी चार, मग आणखी चार, मग कितीतरी. कोपऱ्यातल्या छोट्या चौकोनात बाबांचा अर्धा चष्मा आणि कपाळ.

हे कधीचे ते लगेच कळलं. त्यांचं काही अडलं की तो पडदा मला पाठवता यावा म्हणून मी कॉलवर सांगायची, "आता दाबा. दोन्ही एकदम दाबा. बाबा, एकदम!" आणि ते निमूटपणे दाबायचे. बिघडलेल्या पडद्याऐवजी निघायचे मी. इतक्या वेळा मी अशी दिसत होते आणि मला पत्ताच नव्हता. मी कॉलेजात शिकवते; तिथला एखादा विद्यार्थी माझ्यापुढे एवढ्या वेळा चुकला असता, तरी मी त्याच्याकडे अशा तोंडानं पाहिलं नसतं. एकेक बघत बराच वेळ बसून राहिले.

बाबा उठले तेव्हा मी म्हटलं, "हे माझे तरी पुसते हं. किती घाण दिसते मी यात."

"ते नको मिटवू."

"कशाला हवेत?"

"तुये दुसरे फोटो उघडतच नाई ना," ते म्हणाले आणि चष्मा शोधू लागले.

ते मी राहू दिले. तापमान मात्र सगळं पुसलं, त्यांना न विचारता. तीन बोटांची सोय बंद केली. जागा झाली, माझे फोटो उघडले, बाबा खूश झाले. संध्याकाळच्या गाडीनं मी परतले.

आता मी बदलले, असं म्हणायला आवडलं असतं. पण गेल्याच आठवड्यात पेन्शनच्या कुठल्याशा पानावर ते अडकले आणि व्हिडिओ कॉलवर पाच मिनिटांत माझा आवाज चढला. मग आठवलं. मी फोन भिंतीला टेकवून ठेवला, हात मांडीवर घेतले आणि पुन्हा पहिल्यापासून सांगायला लागले. बाबा म्हणाले, "तू अशी कावून बसली? तब्येत बरी नाई का?"